सुईबनातली गुणाबाई

गुणाबाईचा नवरा लटारू मेला तेव्हा त्याचं अंग हळदीनं माखलेलं होतं, असं पाथरटोल्यात अजून सांगतात. मी त्या बीटावर वनरक्षक म्हणून रुजू झाले तेव्हा पहिल्याच आठवड्यात ही गोष्ट मला वेगवेगळ्या माणसांनी येऊन सांगितली. सांगून झाल्यावर प्रत्येक जण हेही म्हणायचा, "दुपारच्या पारी सुईबनात नका जाऊ म्याडम. सकाळी जा, संध्याकाळी जा. दुपारी नाई."

सुईबन म्हणजे गावामागच्या टेकडीवरचा चिडीच्या झाडांचा तुकडा. आमच्या धानोऱ्याच्या जंगलात साग, ऐन, मोह, तेंदू, बांबू सगळं आहे, पण चीड, म्हणजे पाइन, नाही. ती हिमालयाकडची. फार वर्षांपूर्वी कोण्या हौशी अधिकाऱ्यानं ती इथे जगते का ते पाहायला लावली. कागदाला उपयोगी पडेल असा काही विचार होता म्हणे. झाडं जगली, पण कागदाचं काही झालं नाही. अधिकारी बदलून गेले आणि झाडं टेकडीवर तशीच उभी राहिली. पानं सुयांसारखी, म्हणून गावानं नाव ठेवलं सुईबन.

मी पहिल्यांदा आत गेले तेव्हा मला सगळ्यात जास्त जाणवलं ते म्हणजे माझ्या पावलांचा आवाज येत नव्हता. सागाच्या जंगलात उन्हाळ्यात चाललं की पानं पापडासारखी वाजतात. इथे खाली वाळलेल्या सुयांचा जाड थर होता, त्यावर गवताची काडी नाही, गुरं फिरकत नाहीत. खाली वारा नसला तरी वर सूं सूं चालू असतं, कोणी लांबून दम टाकत यावं तसं.

माझं नाव पुनम. मी ब्रह्मपुरीकडची. आमचं घर बौद्धांचं, वडील मास्तर. भूत, करणी, अंगात येणं यातलं काही आमच्या घरात कधी चाललं नाही. लहानपणी चिंचेखालून जायला घाबरले म्हणून वडिलांनी मला त्याच चिंचेखाली बसवून गणितं सोडवायला लावली होती. त्यामुळे गावानं दुपारी जाऊ नका म्हटल्यावर मी मुद्दाम दुपारी गेले. तिथे मला गुणाबाई दिसली.

एका झाडाला टेकून ती बसली होती, डोळे मिटून. पन्नाशीला आलेली, सडपातळ, काटक बाई. फाल्गुन होता. तिच्या कपाळावर, गालावर, पदरावर पिवळी भुकटी पसरलेली होती. कुंकू पुसलेल्या कपाळावर ती हळद इतकी ठसठशीत दिसत होती की मी दचकले, हे कबूल करायला हवं.

तिची हकीकत मला कळत गेली ती तुकड्यातुकड्यांनी. काही तिनं सांगितली, काही देवाजीभाऊंनी. देवाजीभाऊ आमच्या बीटावरचे जुने वनमजूर, लटारूचे सोबती.

गुणाबाई मुरूमगावकडून लग्न होऊन इथे आली. घरात सासू गिरजाबाई आणि नवरा, बस्स. थोडी धानाची शेती होती. लटारू वनखात्यात मजुरीला जायचा. झाडावर चढण्यात त्याचा हात कोणी धरत नव्हतं. चारोळीची चारं काढायची असोत की मधाचं पोळं, लोक त्यालाच बोलवायचे. सुईबनाला न भिणारा गावात तो एकटाच. येताना तिथली रिकामी बोंडं टोपलाभर घेऊन यायचा. चिडीला फळ धरत नाही, तिला लाकडाचं बोंड येतं, मुठीएवढं, खवल्याखवल्यांचं. पुस्तकात त्याला शंकू म्हणतात, गावात बोंडच. चुलीत घातलं की भसकन पेट घेतं आणि घरभर राळेचा वास सुटतो. गुणाबाईला तो वास आवडायचा.

लटारू गेला त्या वर्षी बाहेरगावच्या एका संस्थेला या झाडांचं बी हवं होतं. थंड मुलखातलं झाड इतक्या उन्हात जगलं, तर त्याचं बी लावून पाहावं, असा त्यांचा हेतू. बोंडं उतरवायचं काम लटारूकडे आलं.

"मिटलेलंच तोडा लागते," तो बायकोला सांगायचा. "ऊन लागलं का उकलते. बी उडून जाते अन् मंग नुसतं लाकूड राह्यते हाती."

गुणाबाईला तेव्हा दिवस गेले होते. एका दुपारी ती त्याचा जेवणाचा डबा घेऊन टेकडी चढली. खालून हाक मारली, उत्तर आलं नाही. वाटलं, ऐकू गेलं नसेल. आणखी आत गेली, तर सुयांच्या थरावर तो उताणा पडलेला. रक्त कुठेच दिसत नव्हतं. फक्त पिवळा होता. तोंड, छाती, बोटं, पापण्यासुद्धा. वरच्या फांद्या अजून हलत होत्या आणि त्यांतून पिवळा धूर खाली उतरत होता, अगदी सावकाश, त्याच्या अंगावर.

"नवरदेव दिसत होता म्याडम," ती मला म्हणाली. "हळद लावून निजवल्यावानी. मी डबा ठेवला अन् म्हटलं, उठा न, जेवून घ्या."

देवाजीभाऊंनी आणि दोघा-चौघांनी त्याला खाली आणलं. त्यानं तोडलेल्या बोंडांची चुंगडी वर फांदीला बांधलेली होती, तीही उतरवली. मिटलेल्या बोंडांनी गच्च भरलेलं पोतं. त्यानंतर ते बी गोळा करायचं काम थांबलं ते थांबलंच. चुंगडी कोणाला द्यायची ते कोणाला ठाऊक नव्हतं. घरच्यांनी ती माळ्यावर टाकली आणि विसरून गेले.

वैशाखात घरावरची कवेलू तापून निघाली. अशाच एका दुपारी सासू-सुना जमिनीवर ओलं फडकं टाकून पडल्या होत्या. माळ्यावरून आवाज आला. कट्. थोड्या वेळानं पुन्हा, कट् कट्.

लटारूला जेवून उठताना बोटं मोडायची सवय होती. गिरजाबाई उठून बसली. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. आवाज वाढत गेला. एकामागून एक, दहाही बोटं मोडावीत आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करावं तसा. मग माळ्याच्या बांबूंच्या फटीतून काहीतरी खाली येऊ लागलं. पातळ, पिवळट, एका पंखाचं. भिंगरीसारखं गरगर फिरत ते म्हातारीच्या केसांवर पडलं. दुसरं गुणाबाईच्या पोटावर.

"आला माहा लटारू!" म्हणून गिरजाबाईनं किंकाळी फोडली आणि तशीच अंगणात पळाली.

गाव जमलं. पुजाऱ्याला बोलावलं. तो दारातूनच म्हणाला, चुंगडी घराबाहेर काढा. पण तिला हात लावायला कोणी तयार होईना. गिरजाबाईची तर बोबडी वळली होती. शेवटी गुणाबाई स्वतः शिडी चढली. पोट पुढे आलेलं, तशा अवस्थेत तिनं ती चुंगडी खाली घेतली, डोक्यावर ठेवली आणि भर उन्हात सुईबनाकडे निघाली. लोक टेकडीच्या पायथ्यापर्यंत मागे गेले आणि थांबले.

वर जाऊन तिनं चुंगडीचं तोंड सोडलं आणि उलटी केली. बोंडं गडगडत गेली आणि उकललेल्या खवल्यांमधलं बी वाऱ्यावर उठलं. सगळं एकदम, फिरत फिरत, झाडांच्या मधून, टेकडीच्या पलीकडे.

"तवा मले पह्यल्यांदा रडू आलं," ती म्हणाली. "आतापावतर आलंच नव्हतं. वाटलं, हा काही मेला नाई. हा विखरून गेला."

पावसाळ्यात हेमराज झाला. लटारूच्या जागी गुणाबाईला वनखात्यात हंगामी मजुरी मिळाली आणि तिचा सुईबनात जायचा परिपाठ सुरू झाला. काम आटोपलं की दुपारी ती तिथे जाऊन बसायची. फाल्गुन आला की झाडं पिवळा धूर सोडायची आणि ती तो अंगावर घेऊन घरी यायची. गावातल्या बायकांनी आधी समजावलं, मग बोलणं कमी केलं. धानाच्या रोवण्याच्या दिवसांत चिखलात तिच्या शेजारी उभं राहायला कोणी धजायचं नाही. तिच्या दोन्ही बाजूंना एकेका बाईची जागा रिकामी राहायची. मेलेला नवरा हळद लावून जातो अशा बाईचा पदर आपल्याला लागू नये, एवढंच त्यांचं म्हणणं. गिरजाबाईनं मरेपर्यंत सुनेच्या हातचं खाल्लं, पण फाल्गुनात ती सुनेला पोराजवळ जाऊन बसू देत नसे. हेमराजला शाळेत पोरं 'भुताचा पोट्टा' म्हणायची. बारावी झाल्यावर तो जो मोहर्लीला गेला, तो तिकडेच राहिला. ताडोब्याच्या गेटावर पर्यटकांची जिप्सी चालवतो.

हे सगळं ऐकल्यावर मला वाटलं, या बाईला कोणीतरी खरं काय ते सांगायला हवं होतं. प्रशिक्षणात आम्हाला झाडांचं शिकवलं होतं. मी ठरवलं, आपण सांगू.

त्याच फाल्गुनात मी पुन्हा तिच्याजवळ जाऊन बसले. माझ्याही गणवेशावर पिवळं पडायला लागलं.

"गुणाबाई, ही हळद नाही हो. झाडाचाच पराग आहे हा."

"पराग," तिनं शब्द तोंडात घोळवून पाहिला. "थे काय असते?"

वाऱ्यानं मोडून लोंबलेली एक फांदी हाताशी होती. मी ती तिच्यापुढे ओढली. बुडाशी बारक्या, मऊ शेंगांसारखे घोस होते. टिचकी मारली तर धूर उडाला. "ही नर बोंडं. एवढीशी असतात, पराग सोडतात आणि गळून जातात. चिडीला फूल नाही, म्हणून मधमाशी नाही. सगळं वाऱ्याच्या भरवशावर. त्यामुळे ती इतका पराग सोडते की सगळं रान पिवळं व्हावं. तुम्ही खाली बसता म्हणून तुमच्या अंगावर पडतो. लटारूभाऊ फांद्यांत होते, फांद्या हलल्या, म्हणून त्यांच्या अंगावर पडला."

ती ऐकत होती. मी फांदीचा शेंडा दाखवला. तिथे बोराच्या आठळीएवढं, लालसर, कोवळं बोंड होतं. "हे मादी बोंड. यंदाचं. आत्ता याचे खवले जरासे उघडे आहेत. आत चिकट थेंब असतो, त्याला पराग चिकटला की खवले मिटून घेतात. एकदा मिटले की मिटले."

"मंग बी धरते?"

"लगेच नाही. वर्षभर पराग आत तसाच राहतो. हे पाहा, हे गेल्या वर्षीचं." त्याच्या खाली हिरवं, लहान लिंबाएवढं बोंड होतं. "यात आता कुठे बी धरायला लागेल. आणि हे त्याच्याही आधीचं, तपकिरी. हे आता पिकलं. वैशाखात ऊन लागलं की कट् करून उकलेल. तुमच्या माळ्यावर तेच झालं होतं. उन्हानं बोंडं उकलली, दुसरं काही नाही."

मला वाटलं होतं ती सुटल्यासारखी होईल. निदान हसेल. ती त्या फांदीकडेच पाहत राहिली. कोवळ्या बोंडाला बोट लावलं, मग हिरव्याला, मग तपकिरी बोंडाला.

"म्हणजे तो पडला त्या दिवसाची धूळ," ती म्हणाली, "अशाच लाल्या बोंडाच्या आत गेली असन."

"गेली असेल."

"अन् थे लाले कधी उकलले असतीन?"

"दोन वर्षांनी. दोन वर्षं होऊन वरचा वैशाख."

ती उठून उभी राहिली. मान वर करून एकेका झाडाच्या शेंड्याकडे पाहू लागली.

"हेमराज चालाले लागला, बोलाले लागला. तवरिक थे वरतच होतं," ती म्हणाली. "त्याच्या अंगाले लागली थेच धूळ. अन् मी खाली बसून राह्यली. मले वाटे, सारं त्या चुंगडीतच गेलं." मग माझ्याकडे वळली. रागावलेली होती, पण माझ्यावर नव्हे. "मले कोणी सांगतलं काऊन नाई? मी वर पाह्यलं असतं न. कवा उकललं, कुठी गेलं, पाह्यलं असतं मी."

ज्या गोष्टीनं तिचं भूत जावं म्हणून मी सांगायला गेले होते, त्याच गोष्टीनं ते आणखी दोन वर्षं लांबवून दिलं होतं.

त्यानंतर गुणाबाईनं बोंडं चुलीत घालणं सोडलं. सुईबनात ती आता खाली न पाहता वर पाहत फिरायची. एकदा विचारलं, "इतकं बी उडते, मंग एक बी पोर काऊन नाई याईचं? मी इतक्या सालात एक रोप नाई पाह्यलं."

मी म्हटलं, बरंचसं बी पोचट असेल, आणि भरलेलं असलं तरी या सुयांच्या थरातून त्याला माती कुठे मिळणार. तिनं पायानं थर उकरून पाहिला. हात हात खोल नुसत्या सुयाच निघाल्या.

पुढच्या वैशाखात आग लागली. मोहफुलांच्या दिवसांत लोक झाडाखालचा पाला पेटवतात, त्यातलीच कोणाची तरी विझवायची राहिली असेल. नक्की कधीच कळलं नाही. आम्ही पोचलो तेव्हा आग पश्चिमेकडून टेकडी चढत होती. देवाजीभाऊ, मी आणि चार मजूर, पाला उडवायचा एक ब्लोअर. सागाच्या पाल्याची आग जमिनीवरून सरकते, तिला हटवता येतं. सुयांची आग तशी नव्हती. राळ होती त्यात. ती बसल्या जागी वर उसळायची.

आणि तो आवाज. झाडांवरची सगळी पिकली बोंडं त्या धगीनं एकदम उकलायला लागली. कट् कट् कट् कट्, या टोकापासून त्या टोकापर्यंत. टेकडीभर कोणी न दिसणारी माणसं उभी राहून बोटं मोडताहेत असं वाटत होतं. गरम हवेवर बी वर चढत होतं, धुरात गरगरत होतं. मजुरांतल्या एकानं ब्लोअर तिथेच टाकला आणि मागे धावला.

तेवढ्यात देवाजीभाऊंनी माझा हात धरला. "बाई, दुपार हाये. गुणाबाई आत असन."

मी जिवाच्या आकांतानं हाका मारल्या. "गुणाबाई! ओ गुणाबाई!" उत्तर नाही. आगीनं आमच्यापुढची वाट बंद केली होती.

आणि मला हाक ऐकू आली. पुरुषाची. आमच्या बाजूनं नव्हे, पलीकडून, पूर्वेच्या उतारावरून, जिथे आमच्यातलं कोणी नव्हतं.

"गुणे! ए गुणे!"

त्या हाकेत घाई नव्हती, भीती नव्हती. बांधावर बसलेला माणूस बायकोला पाणी आण म्हणून हाक मारतो तशी ती होती. त्यामुळेच माझ्या अंगावर काटा आला. पुन्हा एकदा आली, जरा लांबून. मग नाही.

वळसा घालून आम्ही पूर्वेच्या उतारावर पोचलो तेव्हा गुणाबाई तिथे उघड्या खडकावर बसली होती. पाय भाजलेले, पदराचं टोक जळलेलं, पण शुद्धीवर. आजूबाजूला माणूस नव्हता.

मी देवाजीभाऊंना विचारलं, तुम्ही कोणी हाक मारली का? ते म्हणाले, "आमी सारे तुमच्याजवळच होतो न बाई." मग हळूच म्हणाले, "आग होती. कायचे बी आवाज येतात." त्यांनीही ऐकलं का, हे मी विचारलं नाही. त्यांनीही सांगितलं नाही.

गुणाबाईला गडचिरोलीच्या दवाखान्यात ठेवलं. दुसऱ्या दिवशी मी भेटायला गेले. पायांना पट्ट्या बांधून ती भिंतीकडे तोंड करून पडली होती. थोडा वेळ इकडचं-तिकडचं बोलून मी विचारलं,

"बाई, तुम्हाला 'गुणे' कोण म्हणतं?"

तिनं सावकाश माझ्याकडे मान वळवली.

"तुमाले आयकू आलं?"

मी नुसती होकाराची मान हलवली. तिला ते पुरलं.

"तो गेल्यापासून हाक मारते," ती म्हणाली. "दर दुपारी नाई. कवा कवा. सासू सांगे, दुपारी कोणी नावानं हाक मारली तं ओ नाई द्याची. ओ देली का घेऊन जाते. मी इतके साल नाई देली म्याडम. बसून राहो, आयको, पण ओ नाई देली. काल धुरानं काही दिसून नाई राह्यलं होतं. मी म्हटलं, नेते तं नेऊ दे. देली ओ."

"मग?"

"मंग काय. आवाज जिकडून आला तिकडं चालत गेली. बाहेर निंघाली."

माझे वडील जुन्या वळणाचे मास्तर. त्यांना ही गोष्ट सांगितली असती तर त्यांनी मला आवाजाची दिशा, धूर, उष्ण हवा, घाबरलेलं मन हे सगळं नीट समजावलं असतं. त्यांनी समजावू नये म्हणून मी त्यांना अजून सांगितलेलं नाही.

हेमराज आला आणि आईला मोहर्लीला घेऊन गेला. पावसाळा लागला. आषाढात मी सुईबनात गेले तर सुयांचा थर जळून खाली काळी राखमाती उघडी पडली होती. काही झाडं वाळली होती, बरीच तगली होती. जाड सालीची ती, इतक्यानं मरत नाहीत. आणि राखेत सगळीकडे काहीतरी हिरवं टोचून वर आलं होतं. काडीएवढा दांडा आणि टोकाला सुयांची चांदणी. आगीनं उकललेलं बी राखेत पडलं होतं आणि त्याला पहिल्यांदा माती मिळाली होती.

गावात बातमी पोचली तशी खळबळ उडाली. आतापर्यंत ती झाडं मरून संपतील अशी लोकांची समजूत होती. आता म्हणू लागले, पैदास झाली, हे रान आता गावापर्यंत उतरते. बैठक झाली आणि सगळी रोपं उपटायची ठरली. मी अडवायला जाणारच होते, पण गरज पडली नाही. पंधरावीस माणसं सकाळी सकाळी टेकडी चढली, पहिल्या जळक्या झाडापाशी पोचली आणि उभी राहिली. पहिलं रोप कोणी उपटायचं यावर एकमेकांकडे पाहत राहिली. मग कोणीतरी म्हणालं, उद्या पाहू. तो उद्या काही आला नाही.

श्रावणात गुणाबाई आली, हेमराजचा हात धरून. त्याचं सुईबनात पाऊल पडण्याची ती पहिलीच वेळ. पायांना जखमा भरल्याचे गुलाबी डाग. ती उकिडवी बसली आणि एका रोपाकडे बराच वेळ पाहत राहिली. हात लावला नाही.

हेमराज म्हणाला, "आई, लोक उपटा म्हणतात. उपटू का मी?"

"काऊन?"

"म्हणजे... बाबाचं..."

"बाबाचे नाईत हे," ती म्हणाली. "झाडाचे हायेत. त्याचं बी कवाच गेलं, मले न सांगता गेलं. आता हे कोणाचं बी नाई, झाडाचं हाये. राहू दे."

हेमराज मग झाडांमधून एकटाच फिरला. कोणत्या झाडाखाली बाप पडला होता ते त्यानं विचारलं आणि तिनं दाखवलं. तो तिथे थोडा वेळ उभा राहिला. उतरताना गुणाबाई मागे वळून पाहील असं मला वाटलं होतं. तिनं पाहिलं नाही. मला बरं वाटलं. वाटलं, सुटली.

यंदा हिवाळ्यात मला प्रशिक्षणासाठी मोहर्लीला पाठवलं. एका दुपारी मी गुणाबाई आणि हेमराजकडे जेवायला गेले. गेटाजवळच्या एका लहानशा निवासात पाहुण्यांचा स्वयंपाक गुणाबाई करते. अंगावर थोडं मांस आलं आहे, केसांना तेल आहे. शेजारच्या बायका तिच्या ओट्यावर येऊन मेथी निवडत बसतात. इथे तिला कोणी सुईबनवाली म्हणून ओळखत नाही. मी रोपं केवढी झाली ते सांगितलं. ती "होऊ दे, होऊ दे" म्हणाली आणि ताटात भात वाढला.

हेमराज सकाळची फेरी करून आला होता. आई आत गेली तशी तो हळू आवाजात म्हणाला, "बाकी सारं बरं हाये म्याडम. एकच. दुपारी कवा कवा मधीच बोलते. कोणी नसते. विचारलं तं हासते."

मी काही विचारायच्या आत गुणाबाई वरणाचं भांडं घेऊन बाहेर आली. माझ्या ताटापर्यंत आली, पळी भरली आणि थांबली. उघड्या दाराकडे तिची मान वळली. दाराबाहेर ऊन होतं, रस्त्यावर कुत्रं झोपलेलं होतं. मला काही ऐकू आलं नाही.

"ओ," ती म्हणाली. नेहमीच्या आवाजात.

मग माझ्याकडे वळली. "वरण टाकू का, पोरी? थंड होऊन राह्यलं."